सुपेकरांनो, अपघात विम्याचे कागद एकदा बाहेर काढा

सुपा, हंगा, वाघुंडे, पळवे, जातेगाव, म्हसणे, अपधूप, वाळवणे आणि आजूबाजूच्या वाड्यावस्त्यांवर राहणाऱ्या सर्वांना हे जाहीर आवाहन आहे. विषय अपघाताचा आहे. अशुभ बोलू नये म्हणून घरात तो कोणी काढत नाही, आणि काढलाच तर आजी ‘तोंड गोड कर’ म्हणून गप्प करते. तरी मे महिना संपायच्या आत यावर एकदा बोलायला हवं. केंद्र सरकारच्या वीस रुपयांच्या अपघात विम्याचं वर्ष ३१ मे रोजी संपतं आणि १ जूनला नवं सुरू होतं.

आपलं गाव कुठे आहे ते बघा. दारातून नगर-पुणे महामार्ग जातो. एका अंगाला एमआयडीसी, तिथे पाळ्या सुटताना शेकडो दुचाक्या एकाच वेळी रस्त्यावर येतात. कांद्याच्या दिवसांत नेप्तीच्या बाजाराकडे निघालेल्या ट्रॉल्या, गळिताच्या हंगामात उसाच्या बैलगाड्या आणि जुगाडं, त्यांना मागे लाल पट्टीसुद्धा नसते. आपली पोरं रात्रपाळीला रांजणगावपर्यंत मोटारसायकलवर जातात. शेतात मोटारीचा शॉक, विहिरीचा काठ, घोणस, फवारणी आहेच. एवढं असूनही अपघाताचा विमा कोणाकडे आहे असं विचारलं, की उत्तर येतं : ‘आहे ना, मेडिक्लेम आहे कंपनीचा.’

इथेच गल्लत होते. मेडिक्लेम काय किंवा महात्मा फुले जनआरोग्य योजना काय, दोन्ही दवाखान्याचं बिल भागवतात. माणूस घरी आला की त्यांचं काम संपलं. घराची ओढाताण मात्र त्याच दिवशी सुरू होते. पायात रॉड घातलेला, तीन-चार महिने कामावर जाता येत नाही, ठेकेदार ‘काम नाही तर दाम नाही’ म्हणतो, गाडीचा हप्ता थांबत नाही आणि पोरांच्या फीची तारीख पुढे सरकत नाही. अपघात विमा या खर्चासाठी असतो. बिल किती झालं याच्याशी त्याला देणंघेणं नसतं. मृत्यू, अपंगत्व किंवा ठरलेली इजा झाली, की ठरलेली रक्कम थेट माणसाच्या किंवा त्याच्या वारसाच्या हातात पडते. म्हणून त्याला पूरक विमा म्हणतात. मेडिक्लेमऐवजी तो घ्यायचा नसतो, मेडिक्लेमच्या जोडीला घ्यायचा असतो.

सगळ्यात आधी वीस रुपयांचं बघू. प्रधानमंत्री सुरक्षा विमा योजना मे २०१५ मध्ये सुरू झाली. तेव्हा हप्ता वर्षाला १२ रुपये होता, जून २०२२ पासून तो २० रुपये झाला. वय १८ ते ७०. अपघाती मृत्यू झाला, दोन्ही डोळे, दोन्ही हात किंवा दोन्ही पाय गेले, अथवा एक डोळा आणि एक हात किंवा पाय गेला, तर २ लाख रुपये मिळतात. एकच डोळा, एकच हात किंवा एकच पाय कायमचा निकामी झाला, तर १ लाख. वीस रुपयांत याहून जास्त मागणं बरं नव्हे.

पण दोन गोष्टी नीट ध्यानात घ्या. हप्ता खात्यातून आपोआप कापला जातो, साधारण २५ ते ३१ मे या दिवसांत. त्या आठवड्यात खात्यात वीस रुपये नसतील, तर विमा गुपचूप बंद होतो, घरी सांगायला कोणी येत नाही. शून्य शिलकीची जनधन खाती आणि फक्त अनुदान आलं की रिकामी होणारी खाती अशीच निसटतात. दुसरं, आपल्या जिल्ह्यात पतसंस्थांचा सुळसुळाट आहे आणि बऱ्याच जणांचा सगळा व्यवहार तिथेच चालतो. ही योजना बँकेच्या किंवा पोस्टाच्या बचत खात्यावरच मिळते. पतसंस्थेच्या पासबुकावर ती नसते. दोन बँकांत खाती असतील आणि दोन्हीकडून पैसे गेले, तरी विमा एकच धरला जातो आणि दुसरे वीस रुपये वाया जातात.

या योजनेची मर्यादा मला जास्त महत्त्वाची वाटते. हाड मोडण्याचा एक रुपयाही यात मिळत नाही. प्रेसखाली दोन बोटं गेली तरी काही नाही. रस्त्यावर आणि कारखान्यात मोडलेली हाडं आणि गेलेली बोटंच आपण जास्त बघतो. माणूस वाचतो आणि घर कर्जात जातं. ज्याला परवडेल त्याने या नेमक्या भागासाठी वरचा विमा घ्यावा. विमा नियामकाने १ एप्रिल २०२१ पासून ‘सरल सुरक्षा विमा’ नावाची एकसारख्या अटींची पॉलिसी आणली आहे. कंपनी कोणतीही असली तरी अटी त्याच, हप्ता मात्र कंपनीगणिक वेगळा. अडीच लाखांपासून १ कोटीपर्यंत रक्कम घेता येते. मूळ पॉलिसीत मृत्यू, कायमचं पूर्ण अपंगत्व आणि कायमचं अंशतः अपंगत्व येतं. बोटांसाठी यातच टक्केवारीचा तक्ता असतो. जादा हप्ता भरून आणखी तीन गोष्टी जोडता येतात : अपघाताच्या दवाखान्याचा खर्च, मुलांच्या शिक्षणासाठी एकरकमी मदत आणि तात्पुरत्या पूर्ण अपंगत्वाचा साप्ताहिक भत्ता.

हा शेवटचा भत्ता सोडू नका. मूळ रकमेच्या ०.२ टक्के दर आठवड्याला, जास्तीत जास्त १०० आठवडे मिळतात. म्हणजे १० लाखांच्या पॉलिसीवर आठवड्याला २,००० रुपये. पाय प्लास्टरमध्ये असताना किराणा यातूनच येणार. एजंट मृत्यूच्या मोठ्या आकड्याबद्दल भरभरून बोलतो. तुम्ही त्याला साप्ताहिक भत्त्याचं विचारा आणि तो पॉलिसीत छापलेला स्वतःच्या डोळ्यांनी बघा. अर्जात कामाचं स्वरूप खरं लिहा. मशीनवर उभं राहणाऱ्याने हप्ता कमी व्हावा म्हणून ‘ऑफिस’ लिहिलं, तर दाव्याच्या वेळी तेच अंगाशी येतं.

आता मोटारसायकल. गाडीचा विमा आहे म्हणजे चालवणाऱ्याचाही आहे, हा आपल्याकडचा सर्वात महागडा गैरसमज. थर्ड पार्टी विमा समोरच्यासाठी असतो. स्वतःच्या चुकीने गाडी घसरली तर चालवणाऱ्या मालकाला त्यातून काही मिळत नाही. त्यासाठी मालक-चालकाचा वैयक्तिक अपघात विमा वेगळा असतो. २०१८ साली त्याची रक्कम १५ लाख रुपये करण्यात आली. पूर्वी ती दुचाकीला १ लाख आणि मोटारीला २ लाख होती. मृत्यू झाला किंवा दोन अवयव गेले तर पूर्ण रक्कम, एक हात, पाय किंवा डोळा गेला तर निम्मी. नवी दुचाकी घेताना थर्ड पार्टी पाच वर्षांची काढावी लागते, पण हा अपघात विमा अनेकदा एकाच वर्षाचा काढलेला असतो. त्यामुळे दुसऱ्या वर्षापासून पोलिसाला दाखवायला कागद असतो आणि घरासाठी काही नसतं. तुमच्या पॉलिसीवर दोन वेगवेगळ्या तारखा आहेत का, ते आज संध्याकाळी बघा. शिवाय हा विमा गाडी ज्याच्या नावावर आहे त्यालाच, तोही वैध लायसन्स असेल तर. जुनी गाडी घेऊन दोन वर्षं झाली आणि आरसी अजून आधीच्या मालकाच्या नावावर असेल, तर पंधरा लाखांवर पाणी सोडलं असं समजा. स्वतःच्या नावावर दोन गाड्या असतील, तर दोनदा घेण्याची मात्र गरज नाही, एक पुरतो.

शेतकऱ्यांसाठी वेगळी सोय आहे आणि तिला हप्ताच नाही. गोपीनाथ मुंडे शेतकरी अपघात सुरक्षा सानुग्रह अनुदान योजना. आधी ती विमा कंपनीमार्फत चालायची. एप्रिल २०२३ च्या शासन निर्णयाने कंपनी बाजूला झाली आणि सरकार थेट अनुदान देऊ लागलं. सातबारावर नाव असलेला शेतकरी आणि त्याच्या कुटुंबातली आणखी एक व्यक्ती, वय १० ते ७५, यांना ती लागू आहे. मृत्यूला २ लाख, एक डोळा किंवा एक अवयव गेला तर १ लाख. रस्ता, विजेचा धक्का, वीज पडणं, बुडणं, सर्पदंश, विंचूदंश, फवारणीतली विषबाधा, उंचावरून पडणं, जनावराचा हल्ला, हे सगळं यात बसतं. बाळंतपणातला मृत्यूसुद्धा बसतो, आणि ते फार कमी घरांना माहीत आहे. प्रस्ताव तालुका कृषी अधिकाऱ्यांकडे, म्हणजे आपल्याला पारनेरला, ३० दिवसांच्या आत द्यायचा असतो. दहावा-तेरावा होईपर्यंत घराबाहेर न पडण्याच्या रीतीत निम्मी मुदत जाते. म्हणून ही धावपळ भाऊबंदांनी आणि शेजाऱ्यांनी उचलावी, बाईने घर सोडून कचेऱ्या फिराव्यात अशी अपेक्षा ठेवू नये. शाळेतल्या पहिली ते बारावीच्या मुलांसाठीही राज्य सरकारची सानुग्रह अनुदान योजना आहे, तिची चौकशी मुख्याध्यापकांकडे करा.

एमआयडीसीत ठेकेदाराकडे काम करणाऱ्या भावाबहिणींनी पगाराच्या चिठ्ठीवर ईएसआयची कपात बघावी. कपात होत असेल आणि कामावर इजा झाली, तर विश्रांतीच्या काळात वेतनाच्या सुमारे ९० टक्के भत्ता मिळतो. कामावर जाता-येताना झालेला अपघातही, कामाशी त्याचा संबंध दाखवता आला, तर धरला जातो. ज्यांना ईएसआय नाही, त्यांना कायद्याने मालकाकडून नुकसानभरपाई मिळते. तिच्या तक्त्यात अंगठा गेला तर कमावण्याची क्षमता ३० टक्क्यांनी घटली असं धरतात, पूर्ण तर्जनी गेली तर १४ टक्क्यांनी. हे माहीत नसलं की दहा-वीस हजार हातावर टेकवून ‘मिटवून टाकू’ म्हणणारे भेटतात. मिटवू नका. अपघाताची नोंद त्याच दिवशी कारखान्याच्या वहीत करून घ्या. बांधकाम मजुरांनी बांधकाम कामगार कल्याणकारी मंडळातली आपली नोंदणी चालू ठेवावी, ती संपलेली असेल तर लाभ थांबतो.

अपघात म्हणजे काय, यावरूनही बरेच दावे फेटाळले जातात. बाहेरून, अचानक, उघडपणे झालेली इजा म्हणजे अपघात. २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे एक प्रकरण होतं : मोटारसायकल चालवताना छातीत कळ आली, माणूस पडला आणि गेला. मृत्यू हृदयविकाराने झाला, पडल्यामुळे झाला हे सिद्ध झालं नाही, म्हणून अपघाताचा लाभ मिळाला नाही. त्याच वर्षी न्यायालयाने डास चावून झालेला मलेरियाही अपघातात धरला नाही. आत्महत्या धरत नाहीत. दारू पिऊन गाडी चालवली तर दावा जवळपास बुडालाच, आणि दवाखान्याच्या केसपेपरवर डॉक्टरने लिहिलेली एक ओळ त्याला पुरते. यात मला विमा कंपन्यांचं काही चुकतं असं वाटत नाही. ढाब्यावरून उठून गाडीला किक मारणाऱ्याने घरच्या पंधरा लाखांचा विचार करावा.

कागदांचं सांगतो. रस्त्यावरचा अपघात असेल तर पोलीस ठाण्यात नोंद, पंचनामा आणि मृत्यू झाला तर शवविच्छेदन. ‘आता देहाची विटंबना कशाला’ म्हणून शवविच्छेदन टाळलं, की दावा लटकतो. साप चावला तर आधी दवाखाना, कारण जीव तिथेच वाचतो, आणि केसपेपरही तिथेच होतो. मांत्रिकाकडे दोन्ही मिळत नाहीत. सर्पदंश किंवा झाडावरून पडणं अशा बाबतीत वीस रुपयांच्या योजनेला एफआयआरऐवजी दवाखान्याची नोंद चालते. या योजनेचा दावाही बँकेत ३० दिवसांत द्यायचा असतो. रुपे कार्डावरही अपघात विमा असतो, जनधनच्या नव्या कार्डांवर २ लाखांचा, पण अपघाताआधीच्या ९० दिवसांत कार्ड एकदा तरी वापरलेलं असावं लागतं. कार्ड देव्हाऱ्यात ठेवून उपयोग नाही. ट्रॅक्टरच्या किंवा दुचाकीच्या कर्जाच्या हप्त्यातही विमा घातलेला असू शकतो, मंजुरीपत्र काढून वाचा.

ठोकून पळून गेलेलं वाहन सापडलं नाही, तरी हात चोळत बसू नका. एप्रिल २०२२ पासून अशा मृत्यूला २ लाख आणि गंभीर जखमेला ५० हजार मिळतात, अर्ज तहसील किंवा प्रांत कार्यालयात. वाहन सापडलं तर मोटार अपघात दावा न्यायाधिकरणात सहा महिन्यांच्या आत दावा लावा. स्वतःच्या पॉलिसीचे पैसे मिळाले म्हणून तिथली भरपाई कापली जाईल अशी भीती घालणारे असतात. एसटी महामंडळाविरुद्धच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्येच सांगितलं आहे, की मृताने स्वतः हप्ते भरून काढलेल्या आयुर्विम्याचे पैसे या भरपाईतून वजा करायचे नसतात.

कंपनीने दावा नाकारला, तर कारण लेखी मागा. आधी कंपनीकडे लेखी तक्रार करा. महिन्यात उत्तर आलं नाही किंवा आलेलं पटलं नाही, तर पुण्यातल्या विमा लोकपालाकडे जाता येतं, तिथे फी नाही आणि वकीलही लागत नाही. कंपनीच्या शेवटच्या उत्तरापासून एक वर्षाची मुदत तेवढी पाळा.

आता प्रत्यक्ष काय करायचं. १ मेच्या ग्रामसभेत हा विषय घ्यावा, अशी सरपंच आणि सदस्यांना विनंती. बँक शाखांनी मेच्या तिसऱ्या आठवड्यात एक दिवस गावात टेबल टाकावं. बचत गटाच्या ताईंनी आपल्या गटातल्या प्रत्येकीच्या खात्यात वीस रुपये आहेत की नाहीत ते बघावं, हे काम त्यांच्याइतकं चोख कोणी करणार नाही. तरुण मंडळांनी गल्लीतल्या दुचाक्यांच्या पॉलिसीवरच्या तारखा तपासून द्याव्यात. आणि प्रत्येक घरात एका कागदावर लिहून ठेवा : कोणत्या बँकेतून वीस रुपये जातात, मोटारसायकलचा अपघात विमा कधी संपतो, ईएसआयचा नंबर काय, एजंटचा फोन कोणता, वारस म्हणून कोणाचं नाव आहे. लग्नाआधी काढलेल्या पॉलिसीवर अजून वडिलांचंच नाव असेल, तर ते आत्ताच बदला. हा कागद तुम्हाला सापडून भागणार नाही, तो बायकोला, आईला किंवा मोठ्या मुलीला सापडला पाहिजे. ३१ मेच्या आत तो लिहा आणि कुठे ठेवला ते त्यांना दाखवा.