चौकशी प्रलंबित, उपदान अडकलेले

विभागीय चौकशी निवृत्तीच्या दिवशीही अपूर्ण असेल, तर शासकीय कर्मचाऱ्याचे निवृत्तिलाभ रोखता येतात का? झारखंड सरकार विरुद्ध जितेंद्रकुमार श्रीवास्तव या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने 14 ऑगस्ट 2013 रोजी याचे उत्तर दिले. निवृत्तिवेतन व उपदान ही कर्मचाऱ्याची मालमत्ता आहे. नियमांत तरतूद नसताना केवळ प्रशासकीय सूचनांच्या आधारे ती रोखल्यास घटनेच्या अनुच्छेद 300-अ चा भंग होतो, असा निर्वाळा न्यायालयाने दिला.

महाराष्ट्रात मात्र तशी तरतूद आहे. 1982 च्या निवृत्तिवेतन नियमांतील नियम 130 नुसार चौकशीच्या काळात तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते. उपदान अंतिम आदेशापर्यंत थांबते. उत्तर प्रदेशातील व्यवस्थाही अशीच असल्याने वाराणसीत अहिल्याबाई घाटालगत राहणाऱ्या निवृत्त राज्य कर्मचाऱ्याची स्थिती फारशी वेगळी नाही.

शासनाची बाजू निराधार नाही. अपहार सिद्ध झाल्यास वसुलीसाठी हाती राहणारी मोठी रक्कम उपदानाचीच असते. खरा प्रश्न कालमर्यादेचा आहे. निवृत्तीनंतर नवी चौकशी सुरू करण्यासाठी नियम 27 मध्ये शासनाच्या मंजुरीची आणि घटना चार वर्षांच्या आतील असण्याची अट आहे. सुरू झालेली चौकशी संपविण्याचे बंधन मात्र त्यात नाही. प्रेमनाथ बाली खटल्यात 2015 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विभागीय चौकशीसाठी सहा महिने, फार तर एक वर्ष, अशी मर्यादा सुचविली होती. ती पाळली न गेल्यास निर्दोष ठरणाऱ्या कर्मचाऱ्यालाही विलंबाचीच शिक्षा भोगावी लागते.