अहवाल कुणासाठी?

मैत्रिणींनो, मी तुर्भ्याच्या वस्तीत काम करते. परवा एका मावशींनी विचारलं, "ताई, मागच्या वर्षी माझं सगळं लिहून घेतलंत, त्याचं काय झालं?" इंग्रजीत अहवाल झाला, हे सांगायची मला लाज वाटली.

सुमित्रा भावे (१९४३-२०२१) आपल्यासारख्याच समाजकार्य शिकलेल्या. पुण्यात तो विषय शिकवतही. ज्या बायकांवर संशोधन झालं त्यांना ते वाचता येत नाही, मग त्यांच्याकडे परत न्यायचं कसं? या प्रश्नातून त्या चित्रपटाकडे वळल्या. १९८५ साली 'बाई' आला. पुढे सुनील सुकथनकरांसोबत 'दोघी' (१९९५) ते सुवर्णकमळ मिळवणारा 'कासव' (२०१६) असे चित्रपट, शिवाय लघुपट आणि दूरदर्शन मालिका.

त्या गेल्यावर 'संवेदनशील दिग्दर्शिका' म्हणून आपण हळहळलो. ते सोपं होतं. त्यांचा प्रश्न मात्र टाळला. कॅमेरा नाही, पैसा नाही, ही सबब पुरे झाली. पथनाट्य आहे, भित्तिपत्रक आहे, मराठी तर आहेच! पुढचा अहवाल आधी वस्तीत वाचून दाखवू. बायका "असं नव्हे" म्हणाल्या तर खोडू. तोवर नवी प्रश्नावली घेऊन मी मावशींच्या दारात जाणार नाही. तुम्ही जाणार?