लांबून काढलेल्या फोटोला गुण हवेत

१९९९ साली आलेल्या ‘पोकेमॉन स्नॅप’ या गेममध्ये शस्त्र नसते, कॅमेरा असतो. प्राणी चौकटीत जितका मोठा दिसेल आणि त्याचा पवित्रा जितका वेगळा असेल, तितके गुण जास्त. लपलेला प्राणी बाहेर यावा म्हणून सफरचंद फेकायचे, गोळे मारून त्याला हुसकवायचे. खऱ्या रानात मात्र वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ नुसार वन्यप्राण्याला आमिष दाखवणे किंवा हुसकावणे ही शिकारच ठरते.

गेममुळे मुलांना प्राण्यांची गोडी लागते, हे खरेच आहे. खेळ आणि वास्तव यांतला फरक मुलांना कळतो, असेही म्हटले जाते. पण जवळचा फोटो तोच चांगला, ही सवय मोबाइलमधूनही लागतेच. कोल्हारसारख्या प्रवराकाठच्या ऊसपट्ट्यात तिची परीक्षा होते. तोडणी सुरू असताना सरीत बिबट्याची पिल्ले सापडतात आणि फोटोसाठी गर्दी उसळते. खरे तर पिल्ले होती तिथेच राहिली आणि माणसे लांब गेली, तर मादी रात्री येऊन त्यांना घेऊन जाते. गर्दी हटली नाही, तर ती भेट हुकते आणि माणसांनाही धोका वाढतो.

गेम वेगळा असू शकतो. २०२० च्या ‘अल्बा’त मुलगी प्राण्यांच्या नोंदी करते आणि अभयारण्य वाचवण्यासाठी सह्या गोळा करते. प्राण्याला न बिचकवता काढलेल्या फोटोला सर्वाधिक गुण देणारे गेम बनवावेत, आणि शाळांच्या छायाचित्र स्पर्धांनीही हाच निकष लावावा.