निकाल हाती, अर्थ परका!

गेल्या पंधरवड्यात एका विद्यार्थ्याची आई शाळेत आली. कुटुंब न्यायालयाचे कानडी निकालपत्र पुढे करून म्हणाली, "गुरुजी, पोरांची पोटगी किती लागली, तेवढं वाचून सांगा." निकालाला बावीस दिवस उलटले होते!

पोटगीच्या दिवाणी दाव्यात १९८४ च्या कुटुंब न्यायालय कायद्याने उच्च न्यायालयात अपिलास ३० दिवस मिळतात. आपल्याला त्यासाठी धारवाड खंडपीठ गाठावे लागते. फौजदारी प्रक्रियेतील पोटगीच्या आदेशावर (पूर्वीचे कलम १२५, १ जुलै २०२४ पासून नव्या संहितेचे १४४) अपील नाही. ९० दिवसांत पुनरीक्षण अर्ज करता येतो. संमतीच्या हुकूमनाम्यावर तर अपीलच नाही. म्हणून न समजलेल्या कागदावर अंगठा उठवू नये.

निकालाची नक्कल मिळण्यात गेलेले दिवस कायदा मुदतीतून वगळतो. ती समजून घेण्यात गेलेले दिवस वगळत नाही. सीमाभागातील मराठी बाई नेमकी इथेच नाडली जाते. निकालासोबत मराठी भाषांतर द्यावे, ही आमची मागणी आहे.

१९८७ च्या कायद्याने स्त्रिया व मुलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो. त्यासाठी तालुका विधी सेवा समितीकडे जावे. आणि गावातील शिकलेल्यांनी असा कागद दिसताच, त्याच दिवशी, वाचून द्यावा.