शोकानंतर काय?

आपल्याकडे माणूस गेला की जलदान विधी होतो, पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम होतो. भन्ते त्रिसरण-पंचशील देतात, चार वक्ते मयताचे गुणगान करतात, पंगत उठते आणि मंडप सुटतो. त्यानंतर काय? वकिली करताना हा प्रश्न मला नेहमी पडतो, कारण मंडप सुटल्यावर वारसदार माझ्याकडे येतात. अलीकडे एक जपानी कादंबरी वाचली आणि हाच प्रश्न नव्याने समोर उभा राहिला.

नात्सुमे सोसेकी यांची ‘कोकोरो’ ही कादंबरी १९१४ सालची. कोकोरो म्हणजे मन, अंतःकरण. तिच्यातला ‘सेन्सेई’, म्हणजे गुरुजी, हा शिकलेला, विचारी माणूस. तरुणपणी चुलत्याने त्याची वडिलोपार्जित इस्टेट लुबाडली. पुढे त्यानेच आपल्या जिवलग मित्राशी दगा केला आणि त्या मित्राने आत्महत्या केली. हे दुःख तो पत्नीलाही सांगत नाही. दर महिन्याला मित्राच्या कबरीवर जातो, पण जगात कुठलेही काम करत नाही. शेवटी तोही जीवन संपवतो.

त्याला निमित्त काय घडते? ३० जुलै १९१२ रोजी जपानचे सम्राट मेईजी मरण पावले. १३ सप्टेंबरला, अंत्ययात्रेच्या दिवशी, जनरल नोगी यांनी पत्नीसह प्राणत्याग केला. ही खरी घडलेली घटना. धनी गेला की सेवकानेही त्याच्यामागे जायचे, ही तिथली जुनी सरंजामी रीत. ती बातमी वाचून सेन्सेईला वाटते, आपलाही काळ संपला.

मनाने खचून जीव देणाऱ्याला दोष देणारा मी कोण? त्याला आधार मिळाला पाहिजे, उपचार मिळाले पाहिजेत. माझा आक्षेप त्या रीतीला आहे, जी मरणाला निष्ठेचा पुरावा मानते. पुस्तक मिटताना मला दादरची चौपाटी आठवली.

६ डिसेंबर १९५६ रोजी दिल्लीत बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण झाले. ७ डिसेंबरला मुंबईत लाखोंचा जनसागर लोटला. बाप गेला होता. आता आपले कोण, अशी प्रत्येकाची अवस्था. १६ डिसेंबरला मुंबईत बाबासाहेबांच्या हस्ते धम्मदीक्षेचा सोहळा व्हायचा होता, तो राहून गेला. तेव्हा आपल्या नाशिकचे कर्मवीर दादासाहेब गायकवाड यांनी आवाहन केले, ज्यांना धम्म स्वीकारायचा आहे त्यांनी उभे राहावे. माणसे रडत रडत उठून उभी राहिली. भदंत आनंद कौसल्यायन यांनी दीक्षा दिली. चितेजवळ लाखाहून अधिक लोक बौद्ध झाले.

बंधूंनो, हा फरक लक्षात घ्या. तिथे सम्राट गेला आणि त्याचा सेनापती मेला. इथे नेता गेला आणि त्याची जनता उभी राहिली. संविधान सभेत २५ नोव्हेंबर १९४९ रोजी राजकारणातल्या विभूतिपूजेचा धोका सांगणाऱ्या नेत्याला याहून योग्य श्रद्धांजली कोणती?

म्हातारा, रोगी आणि प्रेत पाहून सिद्धार्थाने घर सोडले, ही कथा बाबासाहेबांनी मानली नाही. एकोणतीस वर्षांच्या माणसाने तोवर मरण पाहिलेच नव्हते, हे बुद्धीला पटणारे नाही, असे त्यांचे म्हणणे. ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात त्यांनी शाक्य आणि कोलीय यांच्यातल्या रोहिणी नदीच्या पाण्याचा तंटा पुढे आणला. म्हणजे जगण्याचा अर्थ एकट्याने मरणाकडे टक लावून सापडत नाही, तो माणसामाणसातल्या तंट्यातून वाट काढताना सापडतो. हा ग्रंथही त्यांच्या पश्चात, १९५७ साली प्रसिद्ध झाला. शरीर थकलेले असताना शेवटपर्यंत ते त्याच्यावर काम करीत होते.

दादासाहेबांनी हे नेमके ओळखले. १९६४ साली देशव्यापी भूमिहीन सत्याग्रह सुरू करायला त्यांनी दिवस निवडला तो ६ डिसेंबर. शोकाचा दिवस त्यांनी जमिनीच्या हक्काचा दिवस केला. माणसे तुरुंगात गेली, ती पडीक आणि गायरान जमिनीसाठी.

आणि आज? गायरान कसणारी ती पिढी एकेक करून चालली आहे. महाराष्ट्र शासनाने १९९१ च्या निर्णयाने मागासवर्गीय भूमिहीनांची १४ एप्रिल १९९० पर्यंतची शेतीसाठीची अतिक्रमणे नियमित करण्याचे धोरण ठरवले. सर्वोच्च न्यायालयाने २८ जानेवारी २०११ च्या जगपाल सिंग निकालात गावाच्या सामायिक जमिनीवरील अतिक्रमणे हटवायला सांगितले, पण शासनाच्या अधिसूचनेने भूमिहीन मजुरांना किंवा अनुसूचित जाती-जमातींना पट्टा दिला असेल, तर तो अपवाद मानला. मात्र अपवादात बसायला कागद लागतो. माझ्यासमोर बसलेला मुलगा सांगतो, ‘साहेब, बापाने तीस वर्षे जमीन कसली.’ मी विचारतो, दंडाच्या पावत्या? पंचनामा? पीकपाहणीची नोंद? तो म्हणतो, पेटीत काहीतरी होते, घर आवरताना गेले. बापाच्या फोटोला हार आहे, पुण्यानुमोदनाला कर्ज काढून पाचशे पाने उठली आहेत, पण बापाच्या घामाचा पुरावा रद्दीत गेला!

अनित्यता हा तथागतांचा सिद्धांत आहे. माणूस जाणारच. पण तो कोणते काम अर्धवट ठेवून गेला, हे पाहणे आपल्या हातात आहे. म्हणून माझी विनंती एवढीच, यापुढे घरातले माणूस गेले तर पुण्यानुमोदन साधेपणाने करा. त्याच दिवशी त्याची पेटी चार जाणत्यांसमोर उघडा. कागद क्रमाने लावा, त्यांच्या नकला काढा, वारस नोंदीचा अर्ज तलाठ्याकडे द्या आणि पोच घ्या. ज्यांच्याकडे काहीच नाही, त्यांनी गावातल्या वृद्ध साक्षीदारांचे जबाब ते हयात असतानाच प्रतिज्ञापत्रावर घ्यावेत.

१९५६ च्या त्या संध्याकाळी आपली माणसे डोळे पुसून उठली होती. आपण कशासाठी उठणार आहोत?

जयभीम!