सतरंजीवरची कवायत

औसा तालुक्यातून एका माउलीचे पत्र आले आहे. त्यांचा मुलगा अकरावीला लातुरात खोली करून राहतो. पहाटे शिकवणी, दुपारी कॉलेज, संध्याकाळी पुन्हा शिकवणी आणि रात्री कॉटवर उशी टेकून अभ्यास. सोयाबीनच्या पट्टीतून फी भरलेली. आता मुलगा म्हणतो, मान आणि कंबर दुखते, बसवत नाही. फोटो काढला, हाडात दोष नाही. गोळीने दोन दिवस बरे वाटते, पुन्हा तेच. त्या माउलीने शेवटी विचारले आहे, "आम्ही दिवसभर वाकून निंदायलो, आमची पाठ दुखली तर समजतं. बसून असणाऱ्या लेकराची कामून दुखावी?"

ताई, प्रश्न अगदी रास्त आहे. वाकणाऱ्याची आणि बसणाऱ्याची पाठ पुष्कळदा एकाच कारणाने दुखते. मांडवाची मेढ नुसती पुरून उभी राहत नाही. चहूबाजूंनी दोर ताणलेले असतात म्हणून ती उभी राहते. आपला कणा तसाच आहे. पोट, कंबर, कुल्ले आणि पाठ यांचे स्नायू हे त्याचे दोर. तासन् तास एकाच बैठकीत राहिले की हे दोर ढिले पडतात आणि सगळा भार मेढीवर येतो. निंदताना तुम्ही तासन् तास एकाच कोनात वाकता, तेव्हाही काही स्नायू थकून जातात आणि काहींना कामच मिळत नाही.

मी व्यायामशिक्षिका होते. या दुखण्यावर शाळेत एक तास घेत असे, त्याची हकिगत सांगते.

२०१६ सालचा उन्हाळा लातूरकर विसरलेले नाहीत. मांजरा धरण कोरडे पडले आणि एप्रिल महिन्यात मिरजेहून रेल्वेने पाणी आणावे लागले. त्याच्या आधीपासूनच आमच्या शाळेत प्यायचे पाणी मोजून मिळत होते. मुलींना मैदानावर पळवायचे आणि मग पाणी नाही म्हणायचे, हे माझ्याने होईना. हेडसर म्हणाले, "मग तो तास गणिताला देऊन टाका." व्यायामाचा तास हा गावच्या गायरानासारखा असतो. ज्याला जागा कमी पडते तो पहिल्यांदा तिथे खुंटी ठोकतो. मी म्हटले, तास देत नाही, सभागृहात सतरंज्या टाकते.

थोड्याच दिवसांपूर्वी एका शिबिरात मी पिलाटेस नावाचा व्यायाम शिकून आले होते. नाव परके वाटेल, पण ते एका माणसाचे आडनाव आहे. जोसेफ पिलाटेस हा १८८३ साली जर्मनीत जन्मला. लहानपणी दमा आणि मुडदूस यांनी बेजार असलेले हे पोर व्यायामाच्या नादी लागून धडधाकट झाले, असे त्याचे चरित्र सांगते. पहिल्या महायुद्धात तो इंग्लंडात होता. शत्रूदेशाचा माणूस म्हणून त्याला छावणीत डांबून ठेवले. तिथे अंथरुणावर पडल्या पडल्या करता येतील असे व्यायाम त्याने बसवले. पुढे तो न्यूयॉर्कला गेला आणि तिथल्या नर्तकांत त्याचे नाव झाले. जमिनीवर करायचे ३४ व्यायाम त्याने १९४५ साली पुस्तकात दिले. १९६७ साली तो वारला. धडाच्या स्नायूंना सावकाश, श्वासाच्या लयीत कामाला लावायचे, एवढेच त्याचे मर्म.

आपल्याकडे हे नव्हते असे कोणी म्हणू नये. औंधच्या राजेसाहेबांनी, भवानराव पंतप्रतिनिधींनी, आपल्या संस्थानातल्या शाळांत मुलामुलींना सूर्यनमस्कार घालायला लावले होते. मल्लखांब तर अवघा धडाच्या बळाचा खेळ. नाव कुठलेही घ्या, मुलांच्या कमरेत बळ येण्याशी मतलब.

पहिला तास मात्र माझा पुरता फसला. शिबिरातल्या उत्साहात मी एकदम 'शंभरी' नावाचा व्यायाम घेतला. उताणे पडून डोके आणि पाय उचलायचे, हात शरीराशेजारी वरखाली हलवायचे, पाच मोजेपर्यंत श्वास घ्यायचा, पाच मोजेपर्यंत सोडायचा, असे दहा वेळा. चाळीस मुली. निम्म्या हसत सुटल्या, निम्म्यांच्या माना धरल्या. एक मुलगी उठताना भोवळ येऊन खालीच बसली. चौकशी केली तर सकाळच्या बसने निघालेली, पोटात फक्त चहा. चूक माझी होती. त्या दिवसापासून तासाच्या आधी एकच विचारू लागले, "कोण कोण जेवून आलंय, कोण उपाशी आहे?" जेवून दोन तास तरी झालेले हवेत, आणि अगदी रिकाम्या पोटीही नको. रक्त कमी असलेल्या मुलींचे प्रमाण आपल्या भागात थोडे नाही. शाळेत आठवड्याला लोहाची निळी गोळी मिळते. ती मुली दप्तरात टाकून विसरतात किंवा गुपचूप फेकतात. आयांनी एकदा दप्तर झाडून पाहावे.

दुसऱ्या खेपेला मी शहाणी झाले. मुलींना उताणे निजवले, गुडघे उभे, तळवे सतरंजीवर. पोटावर एकेक वही ठेवली. श्वास नाकाने घ्यायचा, तोंडाने फुंकर घातल्यासारखा सोडायचा, आणि सोडताना बेंबी पाठीकडे ओढायची. 'पोट आत घ्या' म्हटले की मुली श्वास कोंडून धरतात. म्हणून सांगत असे, डोक्यावर भरली घागर असताना पोट कसे आपोआप सावरून धरता, तेवढेच. हे लगेच समजे. ज्यांनी घागर कधी उचलली नव्हती अशा शहरातल्या दोघीतिघींना मात्र वेळ लागला.

मग पूल. त्याच स्थितीत चटई उचलावी तशी कंबर खालून एकेक मणका करत वर न्यायची आणि तशीच एकेक मणका खाली टेकवायची. धाडकन खाली येणे म्हणजे व्यायाम वाया. मग मांजर. हातगुडघ्यांवर राहून पाठ वर काढायची, मग हलकेच खाली सोडायची. झोपून उठलेली मांजर करते ते बघून ठेवा. मग पालथे पडून उजवा हात आणि डावा पाय वितभर उचलायचा, नंतर दुसरी जोडी, नजर भुईकडे. प्रत्येकी सहा ते आठ वेळा, घाई नाही. शंभरी सर्वांत शेवटी, तीही डोके टेकलेले आणि तळवे जमिनीवर ठेवून, तीनच श्वासांची. मान दुखत नाही असे पाहून मगच वाढवायची. वीस मिनिटांत सगळे आटोपते.

वयात येणाऱ्या मुलींचा वर्ग म्हणजे दुसऱ्याही गोष्टी सांभाळाव्या लागतात. खिडक्या लावून घ्यायच्या, सलवार किंवा शाळेची पँट असावी, ओढणी बाजूला. पाळीच्या दिवसांत कुणाला नको असेल तर तिने भिंतीला टेकून नुसता श्वास करावा. 'कामून बसलीस' असे मी कधी विचारले नाही. विचारले की पुढच्या महिन्यात ती मुलगी शाळेलाच येत नाही.

नववीत एक उंच मुलगी होती. सदा खांदे पाडून, छातीशी दप्तर धरून चालायची. घरी आजी म्हणे, 'ताठ कशाला चालतीस, लोक बघायलेत.' अशा वाकण्याने पाठ धरते, हे आजीला कोण सांगणार? एके दिवशी तिची आई शाळेत आली, चांगलीच तापलेली. "मॅडम, पाय वर करून लोळायला धाडलंय का पोरीला? घरी भांडे कोण घासावं?" रोजावर निंदायला जाणारी बाई होती, एक हात कमरेवरच. मी म्हटले, माय, जरा पडा तर इथे. ती दाराकडे बघत बघत पडली. गुडघे उभे केले, चार श्वास घ्यायला लावले, कंबर हळूहळू भुईला टेकवली. ती थोडा वेळ बोललीच नाही. मग म्हणाली, "कंबर टेकली की वो भुईला." पोरीचा तास नंतर बुडाला नाही. ती आता पोलीस भरतीची तयारी करते. भरती होईल की नाही ते सांगता येत नाही, पण चालते ताठ.

निवृत्त झाल्यावर लेकीकडे नांदेडला आले. तिथल्या एका शाळेने आठवड्यातून दोन दिवस बोलावले, आणि तिथे मुलगेही होते. पहिल्याच दिवशी मागून आवाज आला, "हे पोरीबाळींचं काम हाय." त्यांत दोघे तालमीत जाणारे. मी त्यांना पूल घालून दहा मोजत खाली यायला सांगितले. शंभर बैठका मारणारी ती पोरे चार मोजेपर्यंत खाली आपटली. मग त्यांना निलंगा तालुक्यातल्या रामलिंग मुदगडच्या हरिश्चंद्र बिराजदारांची आठवण दिली. १९६९ सालचे महाराष्ट्र केसरी ते. पोटात बळ नसेल तर पट काढता येत नाही, हे कोणताही वस्ताद सांगेल. नांदेडची पोरे होला मोहल्ल्यात गतका पाहत वाढतात. त्यांना म्हटले, खेळणाऱ्याचे हात बघू नका, धड बघा, ते किती स्थिर असते ते. त्यानंतर मागून आवाज आला नाही.

जागतिक आरोग्य संघटना २०२० सालापासून सांगते की, ५ ते १७ वर्षांच्या मुलांनी रोज सरासरी ६० मिनिटे तरी दमवणारी हालचाल करावी आणि आठवड्यातून ३ दिवस स्नायू बळकट करणारा व्यायाम करावा. तेव्हा सतरंजीवरच्या वीस मिनिटांनी मैदानाची भरपाई होते असे मी म्हणत नाही. पाणी आले तसे आम्हीही पुन्हा मैदानावर गेलो. दप्तराचेही बघा. केंद्राच्या २०२० च्या धोरणाप्रमाणे दप्तर मुलाच्या वजनाच्या दहाव्या हिश्शाहून जड नसावे. चाळीस किलोच्या मुलीला चार किलो. घरच्या काट्यावर एकदा तोलून पाहा.

आता पत्र लिहिणाऱ्या ताईंसाठी. मुलाला सांगा, कॉटवर वाचणे बंद. भिंतीला पाठ लावून किंवा टेबलाशी बसावे, पुस्तक डोळ्यांच्या पातळीकडे उचलून घ्यावे. दर पाऊण तासाला उठून पाण्याच्या माठापर्यंत जावे. दिवाळीला तो घरी येईल तेव्हा ओसरीत सतरंजी टाका, वर सांगितले तसे निजवा आणि पोटावर वही ठेवा. शेजारी तुम्हीही पडा. एक दिवसाआड केले तर महिन्या-दीड महिन्यात फरक कळू लागतो, चार दिवसांत नाही. मात्र दुखणे पायात उतरत असेल, मुंग्या येत असतील, पाय लुळा वाटत असेल, रात्री झोपेतून उठवण्याइतके दुखत असेल किंवा सोबत ताप असेल, तर यातले काहीही करू नका. लातूर आणि नांदेड दोन्हीकडे सरकारी वैद्यकीय महाविद्यालयाचे रुग्णालय आहे. तिथे हाडांच्या डॉक्टरांना दाखवा आणि जुना फोटो सोबत न्या.