पु. ल. देशपांडे यांचीं सात वर्षें

पाचूबंदर हें वसईच्या किल्ल्याला लागून, खाडीच्या मुखाशीं वसलेलें कोळ्यांचें गांव. गेल्या हिवाळ्यांत तेथील एका बालमेळाव्यास आम्हांस पाहुणे म्हणून बोलावण्यांत आलें होतें. किनाऱ्यास लागलेल्या होड्या, काठ्यांवर वाळत घातलेले बोंबील, आणि पताकांखालीं कागदी पिसारे बांधून 'नाच रे मोरा' या गाण्यावर नाचणारीं मुलें, असा तो देखावा होता. नाच संपल्यावर आम्हीं सहज विचारलें, "हें गाणें कोणाचें?" एका बाईंनीं आशा भोसले यांचें नांव घेतलें, शेजारच्या गृहस्थांनीं ग. दि. माडगूळकरांचें. दोन्ही उत्तरें बरोबर होतीं. चाल मात्र पु. ल. देशपांडे यांची, असें आम्हीं सांगतांच ते गृहस्थ हसून म्हणाले, "सर, थट्टा करतां काय? पु. ल. म्हणजे विनोदी लेखक. त्यांचा चालीशीं काय संबंध?"

दोष त्या गृहस्थांचा नव्हे. तो आमच्यासारख्या प्राध्यापकांचा आहे. पंचवीस वर्षें आम्ही 'व्यक्ती आणि वल्ली' वर्गांत शिकवीत आलों. परंतु त्या पुस्तकाचा कर्ता एके काळीं मराठी बोलपटांतील नट व संगीत-दिग्दर्शक होता, हें सांगण्यास आम्हीं कधीं पांच मिनिटेंही खर्चिलीं नाहींत. हा आमचा कबुलीजबाब आहे. आणि तो दिल्यावरच इतरांस दोन शब्द सुनावण्याचा अधिकार आम्ही घेत आहों.

पु. लं.ची चित्रपटांतील मुख्य कारकीर्द १९४७ ते १९५३ अशी अवघी सात वर्षांची. 'कुबेर' (१९४७), 'वंदे मातरम्' (१९४८) आणि 'पुढचं पाऊल' (१९५०) यांत ते नट म्हणून दिसले. 'दूधभाकर' (१९५२) व 'देवबाप्पा' (१९५३) यांना त्यांनीं संगीत दिलें. 'नाच रे मोरा' हें या 'देवबाप्पां'तलेंच. आणि १९५३ च्या 'गुळाचा गणपती'ची कथा, पटकथा, संवाद, संगीत, दिग्दर्शन व नायकाची भूमिका हीं सारीं त्यांचींच. त्यानंतर ते या क्षेत्रांतून जवळजवळ उठून गेले, आणि १९५५ सालीं आकाशवाणींत दाखल झाले.

आमचे कांहीं टीकाकार या वर्षांचा उल्लेख एका ओळींत उरकतात. त्यांच्या मतें ती उमेदवारी होती, पोटापाण्याची वणवण होती. खरा लेखक पुढें जन्मला. या मताइतकें उथळ मत आमच्या वाचनांत क्वचितच आलें असेल. १९६१ पासून 'बटाट्याची चाळ' एकट्यानें रंगमंचावर उभी करणारा माणूस आवाज केव्हां दाबावा, कोठें थांबावें, हशा ओसरेपर्यंत किती वेळ द्यावा, हें कोणत्या पुस्तकांत शिकला? पु. लं.चें गद्य मोठ्यानें वाचून पाहावें. वाक्य लांबत जातें, तान घ्यावी तसें फिरतें, आणि नेमक्या शब्दावर समेवर येतें. हा पेटीवर बोटें फिरविलेल्या माणसाचा कान आहे. तो कान वगळून त्यांच्या विनोदाची मीमांसा करणें म्हणजे तंबोरा बाजूला ठेवून गवयाची परीक्षा घेणें होय.

दुसरा एक आक्षेप अधिक विचारार्ह आहे. कर्त्याचें नांव पुसलें जाऊन गाणें लोकांचें व्हावें, याहून मोठें भाग्य तें कोणतें, असें कोणी म्हणेल. 'इंद्रायणी काठी' हें 'गुळाचा गणपतीं'तील माडगूळकरांचें पद. भीमपलासांतली त्याची चाल पु. लं.ची, गळा भीमसेन जोशी यांचा. कित्येक भाविक त्यास जुन्या संतांचा अभंग समजतात. हें भाग्य आम्हांसही मान्य आहे. परंतु ज्या समाजानें या गृहस्थांची प्रत्येक कोटी, खरी आणि खोटी, जपून ठेवली, त्याला त्यांच्या चाली तेवढ्या आठवूं नयेत, यांत भाग्य कसलें? ही निवड आहे, आणि ती आळशी आहे. एका माणसास एकच खण द्यावयाचा, ही आमची संवय त्या निवडीच्या मुळाशीं आहे.

वस्तुतः आमची परंपरा अशी नव्हती. गोविंदराव टेंबे यांनीं १९३२ च्या 'अयोध्येचा राजा'त हरिश्चंद्राची भूमिका केली. त्या बोलपटाचें संगीतही त्यांचेंच. आणि ते नामांकित पेटीवादक असून ग्रंथकारही होते. मास्तर कृष्णराव यांनीं 'माणूस'ला (१९३९) चाली दिल्या आणि 'भक्तीचा मळा'त (१९४४) स्वतः भूमिका केली. पु. ल. याच घराण्याचे वारस. परदेशांत चार्ली चॅप्लिन यांनीं 'सिटी लाइट्स'मध्यें (१९३१) अभिनय, दिग्दर्शन आणि संगीत अशी तिन्ही कामें केलीं. तेथें त्यांना कोणी 'निव्वळ विदूषक' म्हणून सोडून दिलें नाहीं. 'गुळाचा गणपतीं'तला भोळा, दिवास्वप्नांत रमणारा नाऱ्या पाहतांना चॅप्लिनच्या त्या भटक्याची आठवण आम्हांस होते. फरक एवढाच कीं त्यांच्या भटक्यावर ग्रंथ निघाले, आणि आमच्या नाऱ्यास पाठ्यपुस्तकांत तळटीपही मिळाली नाहीं.

आमची मागणी मोठी नाहीं. वर्गांत पु. लं.चा धडा असेल त्या आठवड्यांत एक तास त्यांच्या चाली ऐकवाव्यात, आणि 'गुळाचा गणपती' मुलांना दाखवावा. वाङ्मयाच्या इतिहासकारांनीं या सात वर्षांना एक प्रकरण द्यावें. आम्हीं आमच्यापुरता आरंभ केला आहे. पाचूबंदरच्या त्या गृहस्थांस आम्हीं 'गुळाचा गणपती' पाहण्यास घरीं बोलावलें. सहकुटुंब आले. श्रेयनामावलींत तेंच तेंच नांव फिरून फिरून येऊं लागलें तेव्हां ते हसले नाहींत. म्हणाले, "सर, हें आम्हांला कुणीं आधीं सांगितलें कसें नाहीं?"

या प्रश्नाचें उत्तर आम्हांजवळ नव्हतें.